अकोल्याच्या चौदा जागा

वऱ्हाडातील गावांची नावे न्यायालयांच्या निकालपत्रांत येतात ती बहुधा बांधावरच्या तंट्यामुळे, वाटणीच्या भांडणामुळे, नाहीतर एखाद्या फौजदारी प्रकरणामुळे. ४ मार्च २०२१ रोजी सर्वोच्च न्यायालयाने दिलेल्या एका निकालात मात्र अकोला आणि वाशीम या जिल्ह्यांची नावे आली, ती राज्यघटनेच्या अर्थाचा निर्णय करण्याच्या निमित्ताने. विकास किशनराव गवळी विरुद्ध महाराष्ट्र राज्य या नावाने तो खटला आता देशभर ओळखला जातो. मध्यप्रदेश, उत्तरप्रदेश, बिहार, जेथे जेथे स्थानिक संस्थांतील इतर मागासवर्गीयांच्या जागांचा वाद निघाला, तेथे तेथे या निकालाचा दाखला दिला गेला. ज्या निकालाने सबंध देशातील ग्रामसंस्थांच्या निवडणुकांचे गणित बदलले त्याचे मूळ आपल्या दाराशी आहे. असे असूनही शहरातील सुशिक्षित वर्गात त्याची चर्चा फारशी झाली नाही. जिल्हा परिषद आणि पंचायत हे खेड्यातील लोकांचे प्रकरण, आपला त्याच्याशी संबंध काय, अशी एक समजूत या वर्गात रूढ आहे. ही समजूत चुकीची आहे, आणि ती का चुकीची आहे हे सांगण्यासाठी आम्ही आज या विषयाला पहिल्या पानावर जागा देत आहोत.

प्रथम वस्तुस्थिती. महाराष्ट्र जिल्हा परिषदा व पंचायत समित्या अधिनियम, १९६१ यात १९९४ मध्ये एक तरतूद घालण्यात आली. कलम १२, पोटकलम २, खंड क. एकूण जागांपैकी २७ टक्के जागा नागरिकांच्या मागासवर्गासाठी राखून ठेवल्या जातील, असे ती सांगते. 'ठेवता येतील' असे नव्हे, 'ठेवल्या जातील' असे. ग्रामपंचायतींच्या १९५८ च्या अधिनियमातही याच धर्तीची तरतूद आहे. आता अकोला जिल्ह्याचा हिशेब पाहा. २०११ च्या शिरगणतीप्रमाणे जिल्ह्याच्या लोकसंख्येत अनुसूचित जातींचा वाटा सुमारे २० टक्के आणि अनुसूचित जमातींचा सुमारे साडेपाच टक्के. या दोन वर्गांना लोकसंख्येच्या प्रमाणात जागा देणे घटनेच्या कलम २४३-घ प्रमाणे बंधनकारक आहे. त्यात राज्याला कमीजास्त करण्याची मुभा नाही. साडेपंचवीसात सत्तावीस मिळवले की बेरीज पन्नासाच्या पुढे जाते, हे चौथीतल्या मुलालाही कळेल. ते मुंबईच्या मंत्रालयाला सत्तावीस वर्षे कळले नाही, किंवा कळूनही वळले नाही.

न्यायालयाने ही तरतूद रद्द केली नाही. ती वाचण्याची रीत बदलली. २७ टक्के हा आकडा 'असलाच पाहिजे' असा न वाचता 'तेथपर्यंत जाता येईल' असा वाचावा, आणि तेथपर्यंत जाण्यापूर्वी तीन पायऱ्या चढाव्यात, असे न्यायमूर्ती खानविलकर, मल्होत्रा आणि रस्तोगी यांच्या पीठाने सांगितले. स्थानिक संस्थांपुरते मागासलेपण कोणाचे आणि किती, याची प्रत्यक्ष पाहणी करणारा स्वतंत्र आयोग नेमणे ही पहिली पायरी. त्या पाहणीच्या आधारे प्रत्येक संस्थेपुरते प्रमाण ठरवणे ही दुसरी. आणि अनुसूचित जाती, जमाती व इतर मागासवर्ग यांच्या जागांची बेरीज पन्नास टक्क्यांपलीकडे जाऊ न देणे ही तिसरी. वृत्तपत्रांनी यालाच 'तिहेरी चाचणी' म्हटले.

जानेवारी २०२० मध्ये निवडून आलेल्या अकोला जिल्हा परिषदेच्या ५३ जागांपैकी १४ जागा या मागासवर्गाच्या होत्या. त्या चौदाही जागा निकालानंतर रिकाम्या झाल्या. त्यांच्याबरोबर पंचायत समित्यांच्या २८ जागाही गेल्या. वाशीम, नागपूर, धुळे, नंदुरबार येथेही हेच झाले, आणि पालघरची भर पडून सहा जिल्ह्यांत जिल्हा परिषदांच्या ८५ व पंचायत समित्यांच्या १४४ जागांसाठी ५ ऑक्टोबर २०२१ रोजी पुन्हा मतदान घ्यावे लागले. आपल्या जिल्ह्यातील त्या चौदा जणांचा अपराध काय होता? त्यांनी अर्ज भरला तो कायद्याप्रमाणे, प्रचार केला तो कायद्याप्रमाणे, आणि लोकांनी त्यांना मते दिली तीही कायद्याप्रमाणे. त्या निवडणुका खटल्याच्या निकालाच्या अधीन राहून झाल्या होत्या हे खरे. पण अकोट किंवा पातूर तालुक्यातील किती मतदारांना ते ठाऊक होते? कायद्यानेच निम्म्या जागा स्त्रियांच्या. घराचा उंबरठा ओलांडून जिल्ह्याच्या सभागृहात प्रथमच येऊन बसलेल्या एखाद्या बाईला चौदा महिन्यांनी सांगण्यात आले की तुमची निवड कायद्याच्या दृष्टीने झालीच नव्हती. चूक कायदा करणाऱ्यांची, आणि पद गेले ते कायदा पाळणाऱ्यांचे.

येथे एक गोष्ट स्पष्टपणे सांगितली पाहिजे. न्यायालयाने नवे काही मागितले नव्हते. ११ मे २०१० रोजी, म्हणजे अकोल्याच्या निकालाच्या पावणेअकरा वर्षे आधी, के. कृष्णमूर्ती यांच्या खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने हेच सांगितले होते. नोकरी व शिक्षण यांतले मागासलेपण वेगळे आणि राजकारणातले मागासलेपण वेगळे. एकाचा आकडा उचलून दुसऱ्याला लावता येणार नाही. आणि पन्नासाची रेषा ग्रामसंस्थांनाही लागू राहील, फक्त आदिवासींच्या अनुसूचित क्षेत्रांचा अपवाद. त्या निकालानंतर महाराष्ट्रात तीन मुख्यमंत्री होऊन चौथे आले, दोन आघाड्या आणि एक युती सत्तेवर येऊन गेली वा आली. कोणीही आयोग नेमला नाही, कोणीही मोजणी केली नाही. या बाबतीत एका पक्षाला झाकावे आणि दुसऱ्याला काढावे असे आहे. पुढे मार्च २०२१ मध्ये जागा गेल्या तेव्हा मात्र प्रत्येकाने मोर्चे काढले, आणि प्रत्येकाच्या मोर्चाचे तोंड दुसऱ्याच्या दाराकडे होते.

पुढचा इतिहास 'नकटीच्या लग्नाला सतराशे विघ्ने' या म्हणीची आठवण करून देणारा आहे, म्हणून तो थोडक्यात सांगतो. सप्टेंबर २०२१ मध्ये राज्याने वटहुकूम काढून २७ टक्क्यांपर्यंतच्या जागा पुन्हा ठेवल्या. ६ डिसेंबरला न्यायालयाने त्याला स्थगिती दिली. २०११ च्या सामाजिक-आर्थिक व जातनिहाय पाहणीचे आकडे केंद्राने द्यावेत ही राज्याची मागणी १५ डिसेंबरला फेटाळली गेली. ३ मार्च २०२२ रोजी राज्य मागासवर्ग आयोगाचा अंतरिम अहवाल न्यायालयाने अपुरा म्हणून बाजूला सारला. मग माजी मुख्य सचिव जयंतकुमार बांठिया यांच्या अध्यक्षतेखाली स्वतंत्र आयोग नेमला गेला, त्याने काही महिन्यांत अहवाल दिला आणि २० जुलै २०२२ रोजी त्या अहवालाप्रमाणे निवडणुका घेण्यास न्यायालयाने अनुमती दिली. प्रश्न सुटला असे वाटेपर्यंत पुढच्याच महिन्यात 'जैसे थे'चा आदेश आला. त्यानंतर जवळजवळ तीन वर्षे बहुसंख्य जिल्हा परिषदा व नगरपालिका प्रशासकांच्या हाती राहिल्या. ६ मे २०२५ रोजी न्यायालयाने चार महिन्यांत निवडणुका घेण्याचा आणि मागासवर्गाच्या जागा बांठिया अहवालापूर्वीच्या स्थितीप्रमाणे ठेवण्याचा आदेश दिला. १६ सप्टेंबरला ती मुदत ३१ जानेवारी २०२६ पर्यंत वाढली. आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये पन्नासाची रेषा ओलांडल्याचा आक्षेप पुन्हा त्याच न्यायालयापुढे उभा राहिला. म्हणजे अकोल्याच्या खटल्यात जो प्रश्न होता, तोच फिरून आला.

बांठिया आयोगाच्या कामाविषयी एक गोष्ट वऱ्हाडी वाचकांपुढे ठेवल्यावाचून राहवत नाही. वेळ थोडा होता म्हणून मतदारयाद्यांतील आडनावांवरून जातींचा अंदाज बांधण्याची रीत त्या पाहणीत वापरली गेली, आणि राज्यात इतर मागासवर्ग सुमारे ३७ टक्के असल्याचा निष्कर्ष निघाला. आडनावावरून जात! वऱ्हाडात वानखडे कुणबी आहेत, बौद्ध आहेत, आणि आणखीही आहेत. इंगळे यांची तीच गोष्ट. राऊत आणि ठाकरे यांची तीच. मूर्तिजापूरच्या बाजारपेठेत उभे राहून केवळ आडनाव ऐकून माणसाची जात सांगण्याची पैज जर कोणी लावली, तर ती आम्ही आनंदाने घेऊ. घटनापीठाने मागितलेली 'काटेकोर पाहणी' ही नव्हे, हे सांगायला मोठ्या विद्वत्तेची गरज नाही. आयोगाच्या सदस्यांना आम्ही दोष देत नाही. अकरा वर्षांचे काम चार महिन्यांत उरकायला सांगितले की असेच होते. दोष ज्यांनी अकरा वर्षे घालवली त्यांचा आहे.

आता मूळ प्रश्नाकडे वळू. पंचायतींच्या निवडणुकांचे कायदे न्यायालयात नेण्याची ही प्रवृत्तीच थांबवावी, असे म्हणणारा एक वर्ग आहे. घटनेच्या कलम २४३-ण कडे तो बोट दाखवतो. मतदारसंघांची आखणी आणि जागांची वाटणी करणाऱ्या कायद्याला न्यायालयात आव्हान देता येणार नाही, आणि निवडणुकीला आव्हान द्यायचे तर ते फक्त निवडणूक-अर्जाने, असे ते कलम म्हणते. निवडणुकीची गाडी सुरू झाल्यावर ती मध्येच अडवू नये हे तत्त्व आपल्याकडे १९५२ च्या पोन्नुस्वामी खटल्यापासून मान्य आहे, आणि ते योग्यच आहे. परंतु आरक्षणाचा कायदाच जर घटनेच्या समानतेच्या कलमाशी विसंगत असेल, तर तो तपासण्याचा अधिकार न्यायालयाकडे नसेल तर कोणाकडे असावा? आमच्या मते खटला भरणाऱ्यांनी चूक केली नाही. खुल्या वर्गातील नागरिकालाही आपल्या गटातून, आपल्या गणातून उभे राहण्याचा हक्क आहे, आणि तो हक्क कोणत्या प्रमाणात संकोचला याचा हिशेब मागणे हे काही मागासवर्गाशी वैर नव्हे. हिशेब मागणाऱ्याला शत्रू ठरवायचे आणि हिशेब न ठेवणाऱ्याला कैवारी म्हणायचे, ही रीत बरी नव्हे.

तथापि पन्नासाच्या रेषेविषयी आमच्या मनात शंका आहे. ही रेषा मुळात १९९२ च्या इंद्रा साहनी खटल्यातली, म्हणजे सरकारी नोकऱ्यांच्या संदर्भातली. नोकरी एकदा मिळाली की माणूस निवृत्त होईपर्यंत ती त्याची. पंचायतीची राखीव जागा मात्र निवडणुकीगणिक फिरत जाते. दोन्हींना एकच माप लावल्याने काय होते ते अकोल्यात दिसले. अनुसूचित जाती-जमातींचा वाटा घटनेनेच ठरवून दिलेला, तो हलवता येत नाही आणि हलवूही नये. तेव्हा बेरीज पन्नासापर्यंत आणण्यासाठी जी काही कपात करायची ती सगळी एकट्या इतर मागासवर्गाच्या वाट्याला येते. ज्या जिल्ह्यात दलित व आदिवासी थोडे, तेथील माळी, तेली, धनगर यांना पूर्ण २७ टक्के. आणि ज्या जिल्ह्यात ते अधिक, तेथील त्याच जातींना त्याहून कमी. आपल्या शेजाऱ्याची संख्या किती यावरून आपले मागासलेपण ठरावे, हा न्याय आम्हाला पटत नाही. नंदुरबारसारख्या जिल्ह्यात, जेथे सर्वच्या सर्व जागा राखीव होऊन बसल्या होत्या, तेथे काही मर्यादा हवी हेही तितकेच खरे. म्हणून या रेषेचा पुनर्विचार अधिक मोठ्या घटनापीठाने एकदाच आणि सावकाश करावा. ऐन निवडणुकीच्या तोंडावर निघणाऱ्या अंतरिम आदेशांतून तो तुकड्यातुकड्यांनी होऊ नये.

राखीव जागा म्हणजे खेड्यांवर शहरांनी लादलेली ब्याद आहे असे मानणारे लोक अजून आहेत. त्यांनी घटनासमितीचे वृत्तांत एकदा चाळावेत. ४ नोव्हेंबर १९४८ रोजी घटनेचा मसुदा मांडताना डॉ. आंबेडकरांनी ग्रामव्यवस्थेच्या गुणगानाचा समाचार घेतला तो फार कठोर शब्दांत. खेडे हे संकुचितपणाचे आणि जातीयतेचे माहेर आहे असा त्यांचा आशय होता. त्यानंतर अठरा दिवसांनी के. संथानम यांच्या दुरुस्तीने ग्रामपंचायतींचे कलम ४० घटनेत आले, तेही केवळ मार्गदर्शक तत्त्व म्हणून. पंचायतीला घटनेच्या अंगात खरे स्थान मिळाले ते २४ एप्रिल १९९३ पासून अमलात आलेल्या त्र्याहत्तराव्या दुरुस्तीने, आणि त्याच दुरुस्तीत राखीव जागाही आल्या. आम्ही याचा अर्थ असा करतो की डॉ. आंबेडकरांच्या आक्षेपाला देशाने पंचेचाळीस वर्षांनी दिलेले ते उत्तर आहे. गावाला सत्ता मिळेल, पण गावातल्या प्रत्येकाला तिच्यात वाटा असेल, ही ती अट. अट काढून घेतली तर सत्ता देण्याचे कारणच उरत नाही.

या अटीचे पालन किती आणि कसे, यावर वाद होऊ शकतो. परंतु निवडणूकच न घेणे याला कोणत्याही बाजूने आधार नाही. कलम २४३-ङ स्वच्छ शब्दांत सांगते की पंचायतीची मुदत पाच वर्षे, त्याहून अधिक नाही, आणि ती संपण्यापूर्वी नवी निवडणूक झाली पाहिजे. २००६ मध्ये अहमदाबाद महापालिकेच्या किशनसिंग तोमर खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हे बंधन ढिले करता येणार नाही असे बजावले होते, आणि १० मे २०२२ रोजी मध्यप्रदेशच्या प्रकरणात तर सर्वच राज्यांना सांगितले की तिहेरी चाचणी पुरी झाली नसेल तर त्या जागा खुल्या धरा, पण निवडणूक थांबवू नका. महाराष्ट्रात मात्र वर्षानुवर्षे निवडणुका थांबल्या. आणि दुर्दैवाची गोष्ट अशी की ज्या न्यायालयाने त्या थांबवू नका म्हटले, त्याच न्यायालयाच्या 'जैसे थे' आदेशाचे निमित्त त्या थांबण्याला मिळाले. आमच्या जिल्हा परिषदेची पाच वर्षांची मुदत जानेवारी २०२५ मध्ये सरली आणि कारभार प्रशासकाच्या हाती गेला.

प्रशासक वाईट असतो असे आम्ही म्हणत नाही. पुष्कळदा तो सभासदांपेक्षा अधिक कार्यक्षम आणि अधिक सज्जन असतो. पण त्याला जाब विचारणारा कोणी नसतो. पूर्णेच्या काठच्या खारपाणपट्ट्यातल्या गावांना हे समजावून सांगावे लागत नाही. अकोट-तेल्हाऱ्याकडील चौऱ्याऐंशी खेड्यांच्या पाणीयोजनेची तोटी आटली, की गावकरी आपल्या गटाच्या सभासदाच्या ओट्यावर जाऊन बसतो, वेळप्रसंगी शिव्याही घालतो. त्या सभासदाला पुन्हा मते मागायची असतात, म्हणून तो ऐकून घेतो आणि दुसऱ्या दिवशी जिल्हा परिषदेत जाऊन तितक्याच मोठ्या आवाजात बोलतो. प्रशासकाच्या दालनाबाहेर चिठ्ठी पाठवून थांबावे लागते. या दोन दृश्यांत जो फरक आहे तोच स्थानिक स्वराज्य या शब्दाचा अर्थ आहे. जुलै २०२० मध्ये साथीच्या काळात ग्रामपंचायतींवर पालकमंत्र्यांच्या सल्ल्याने प्रशासक नेमण्याचा घाट घातला गेला तेव्हा त्यालाही उच्च न्यायालयात आव्हान द्यावे लागले होते, आणि प्रशासक शक्यतो शासकीय अधिकारीच असावा असे न्यायालयाला सांगावे लागले. सरपंच थेट जनतेतून निवडावा की सदस्यांतून, यावर तर २०१७, २०२० आणि २०२२ अशा तीन वेळा कायदा उलटसुलट फिरला. घटनेने तो विषय राज्याच्या विधिमंडळावर सोपवला आहे, म्हणून न्यायालयाला तेथे बोलता येत नाही. पण सरकार बदलले की सरपंचाच्या निवडीची पद्धत बदलते, हे पाहून गावकऱ्यांनी काय समजावे?

वऱ्हाडला या संस्थांविषयी उदासीन राहण्याचा अधिकार नाही. वसंतराव नाईक पुसदचे. महसूलमंत्री असताना त्यांच्याच अध्यक्षतेखालील समितीने महाराष्ट्राच्या जिल्हा परिषदांचा आराखडा केला आणि १ मे १९६२ रोजी त्या अस्तित्वात आल्या. पंजाबराव देशमुख अमरावतीचे. घटनासमितीत मागासलेल्या कृषक जातींच्या बाजूने ज्यांनी आग्रहाने शब्द टाकला त्यांत त्यांचे नाव अग्रभागी आहे. एकाने संस्था उभी केली, दुसऱ्याने तिच्यात कोणाला बसायला मिळावे याची चिंता वाहिली. आणि आज ही दोन कामे एकमेकांच्या आड यावीत, मागासवर्गाच्या जागांचा निर्णय होत नाही म्हणून संस्थाच ओस पडावी, असा प्रकार घडतो आहे.

उपाय अशक्य नाहीत. केंद्र सरकारने ३० एप्रिल २०२५ रोजी शिरगणतीत जातींची नोंद घेण्याचा निर्णय केला आणि त्या शिरगणतीची गणनातिथी १ मार्च २०२७ ही ठरवली. आडनावांचे तर्क करण्याची पाळी त्यामुळे पुन्हा येऊ नये. पण आकडे दिल्लीच्या कपाटात पडून राहिले तर त्यांचा उपयोग नाही. २०११ च्या पाहणीचे तसेच झाले. ग्रामपंचायतवार आणि गणवार तक्ते तयार करून ते गावाच्या चावडीवर लावावेत, ग्रामसभेत वाचून दाखवावेत, आणि ज्याला हरकत घ्यायची असेल त्याने तेथेच घ्यावी. दुसरे असे की, जागांची वाटणी कोणत्याही संस्थेची मुदत संपण्यापूर्वी निदान एक वर्ष आधी जाहीर होईल, तिच्यावरील सर्व आक्षेप उच्च न्यायालय सहा महिन्यांत निकालात काढील, आणि त्यानंतर निवडणूक पूर्ण होईपर्यंत कोणाचाही अर्ज ऐकला जाणार नाही, अशी तरतूद विधिमंडळाने दोन्ही अधिनियमांत करावी. आव्हान देण्याचा नागरिकाचा हक्क यात शाबूत राहतो, आणि निवडून आलेल्या माणसाला चौदा महिन्यांनी घरी पाठवण्याचा प्रसंगही टळतो. अकोला आणि वाशीमच्या आमदारांनी, ते कोणत्याही पक्षाचे असोत, अशा आशयाचे अशासकीय विधेयक येत्या अधिवेशनात मांडावे. ज्या जिल्ह्यांनी या अनागोंदीची किंमत सर्वांत आधी मोजली, त्यांच्या प्रतिनिधींकडून एवढी अपेक्षा करण्याचा मतदारांना अधिकार आहे.